‘एकच प्याला’ आणि न दिसलेली भट्टी

दौलताबादच्या किल्ल्याच्या पायथ्याशीं आमचें बिऱ्हाड असून शहरांतील महाविद्यालयांत वाङ्मय शिकविण्याचें काम आम्ही आज अठ्ठावीस वर्षें करीत आहों. इतक्या काळांत राम गणेश गडकरी यांचें ‘एकच प्याला’ वर्गांत किती वेळां वाचून दाखविलें, याची गणती नाहीं. सुधाकराच्या स्वभावांतील छिद्र कोणतें, तळीराम हा इयागोचा मावसभाऊ कीं नुसता विदूषक, सिंधूचें पातिव्रत्य आजच्या वाचकाला कां टोचतें, या ठराविक प्रश्नांचीं ठराविक उत्तरें आमच्या जिभेवर आहेत. परंतु गेल्या पावसाळ्यांत, खेड्यांतून रोज बसनें येणाऱ्या एका विद्यार्थिनीनें असा प्रश्न केला कीं, आमचीं सारीं टिपणें निरुपयोगी झालीं. ती म्हणाली, “सर, सुधाकर पितो, तळीराम पाजतो, पण ही दारू येते कोठून? विकणारा नाटकांत कोठें आहे?”

वर्गांत हंशा पिकला आणि आम्हींही तो प्रश्न हंसण्यावारी नेला. घरीं आल्यावर मात्र चैन पडेना. पुस्तक काढून पहिल्या पानापासून पुन्हां वाचलें. पिणारे भरपूर आहेत. त्यांचें एक ‘आर्यमदिरामंडळ’च आहे. पाजणारा आहे, सोसणाऱ्या आहेत, उपदेश करणारे आहेत. विक्रेता म्हणून ज्याच्यावर प्रेक्षकाची दृष्टि खिळावी, असें पात्र मात्र आम्हांला आढळलें नाहीं. या एका उणिवेचा विचार करतां करतां मराठींतील या थोर नाटकाकडे, आणि विशेषतः तें शिकविण्याच्या आमच्या पद्धतीकडे, पाहण्याची आमची दृष्टि कशी बदलली, तें सांगावें एवढाच या लेखाचा हेतु आहे.

प्रथम नाटकाचें श्रेय त्याच्या पदरांत घातलें पाहिजे. २३ जानेवारी १९१९ रोजीं गडकरी सावनेर येथें वारले आणि त्यानंतर महिना उलटण्यापूर्वीच, २० फेब्रुवारीला, गंधर्व नाटक मंडळीनें बडोद्यास हें नाटक रंगभूमीवर आणलें. पदें विठ्ठल सीताराम गुर्जर यांनीं रचलीं. बालगंधर्व सिंधु झाले, गणपतराव बोडस सुधाकर. त्यापूर्वी सहा वर्षें खाडिलकरांचें ‘विद्याहरण’ रंगभूमीवर आलें होतें व त्यांतहि मद्यच अनर्थाचें मूळ होतें. परंतु तेथें पिणारा शुक्राचार्य आहे आणि शेवटीं त्याच्या शापानें मद्याचा निकाल लागतो. पुराणांत शाप चालतो. संसारांत चालत नाहीं. गडकऱ्यांनीं हा प्रश्न असुरांच्या राजधानींतून उचलून मध्यमवर्गीय वकिलाच्या बैठकींत आणून ठेवला, हेंच त्यांचें मोठें धैर्य होय.

आणि तो प्रश्न त्यांनीं किती बारकाईनें पाहिला! भर न्यायालयांत मुनसफाशीं खटका उडतो, काहीं काळापुरती सनद जाते, मानी माणसाच्या अंतःकरणाचा भडका होतो. नेमक्या त्या घटकेला तळीराम प्याला पुढें करतो. पुढें मद्याच्या पहिल्या, मधल्या व अखेरच्या अवस्थांचें जें विवेचन सुधाकराच्या तोंडीं घातलें आहे, तें वाचून आजचा वैद्यहि मान डोलवील. व्यसन ही नुसती दुर्बुद्धि नसून एक आजार आहे, निश्चय करणारें मनच त्यांत आधीं पोखरलें जातें, हें शास्त्रानें मागाहून सांगितलें. गडकऱ्यांनीं तें पूर्वींच रंगभूमीवर दाखविलें.

असें असूनहि नाटकाच्या नांवांतच एक निवाडा दडलेला आहे. अनर्थ केवढा? तर एका प्याल्याएवढा. तो पहिला प्याला नाकारला असता, तर कांहींच घडलें नसतें. हें गणित माणसाच्या इच्छाशक्तीपासून सुरू होतें आणि तेथेंच संपतें. प्याल्यामागें पिंप असतें, पिंपामागें भट्टी, भट्टीमागें मक्ता आणि मक्त्यामागें सरकारचा खजिना, ही साखळी त्या गणितांत बसत नाहीं.

ती साखळी त्या काळीं कोणाला ठाऊक नव्हती, असें म्हणतां येणार नाहीं. मुंबई इलाख्यांत १८७८ सालीं अबकारीचा कायदा झाला. गांवोगांवच्या लहान भट्ट्या बंद पाडून दारू मोठ्या भट्ट्यांत, सरकारी देखरेखीखालीं गाळावयाची, हें त्याचें धोरण. मोहाचीं फुलें वेंचून घरापुरती दारू गाळणारा ठाणें-कुलाब्याकडील आदिवासी त्यामुळें एका दिवसांत गुन्हेगार ठरला. १८९२ च्या कायद्यानें तर त्या फुलांवरच निर्बंध आले. पुण्याच्या नगरपालिकेचे सभासद असतांना जोतीराव फुले यांनीं १८८० सालींच दारूच्या वाढत्या दुकानांविरुद्ध लिहून तक्रार केली होती. १९०८ सालीं टिळकांच्या पुढाकारानें पुण्यांत स्वयंसेवक गुत्त्यांसमोर उभे राहिले. त्या वेळीं गडकरी पंचविशीच्या आंतबाहेर होते. म्हणजे गुत्त्याचा आणि खजिन्याचा संबंध तेव्हांच्या मराठी वाचकाला उघड दिसत होता. तरीहि नाटकांतील मद्य मात्र जणूं आकाशांतून पडतें.

येथें एका दूरच्या कथेची आठवण होते. ‘एकच प्याला’ रंगभूमीवर आल्यानंतर दोनच वर्षांनीं, १९२१ सालीं, कोरियांत ह्यन जिनगन या लेखकाची एक लघुकथा ‘गेब्योक’ मासिकांत प्रसिद्ध झाली. तिच्या नांवाचा अर्थ ‘मद्याचा आग्रह करणारा समाज’ असा होतो. आम्हीं ती इंग्रजी अनुवादावरून वाचली. नवरा तोक्योला शिकून आलेला. बायको फारशी न शिकलेली, शिवण हातांत घेऊन मध्यरात्र उलटेपर्यंत त्याची वाट पाहणारी. तो झोंकांड्या खात येतो. तुम्हांला पाजतें तरी कोण, असें ती विचारते. तो उत्तर देतो कीं, मला पाजतो तो हा कोरियन समाज. ‘समाज’ हा नवा शब्द तिनें कधीं ऐकलेला नाहीं. तें एखाद्या मद्यगृहाचें नांव असावें असें तिला वाटतें. आपलें बोलणें हिला कळत नाहीं, या वैतागानें नवरा पुन्हां काळोखांत निघून जातो, आणि तो मेला समाज यांना कशाला पाजतो, हें कोडें उराशीं धरून ती मागें राहते.

सुधाकर आणि हा अनामिक कोरियन गृहस्थ एकाच मातीचे आहेत. दोघेहि परक्या सत्तेखालीं नव्या विद्येनें शहाणे झालेले आणि त्या शहाणपणाला वाव न मिळाल्यानें कुजलेले. दोन्ही घरांत किंमत मोजणारी बायकोच. फरक आहे तो दोषाच्या वांटणींत. गडकरी सारा दोष प्याल्यावर व पिणाऱ्यावर ठेवतात. ह्यन जिनगनचा नायक तो सारा समाजावर ढकलून मोकळा होतो. अर्थात् लेखक आपल्या नायकाइतका भोळा नाहीं. बायकोच्या गैरसमजांत जो उपरोध आहे, तो तिच्यावर नसून नवऱ्याच्या पंडिती सबबीवर आहे, असें आम्हांस वाटतें.

समाज मद्याचा आग्रह करतो, हें मात्र त्या देशापुरतें अक्षरशः खरें आहे. कोरियन बैठकींत आपला पेला आपणच भरणें हा शिष्टाचाराचा भंग समजतात. वडीलधाऱ्यानें भरून दिलेला पेला दोन्ही हातांनीं घ्यावयाचा आणि तोंड बाजूला वळवून प्यावयाचा. कचेरीचें काम संपल्यावर सर्वांनीं मिळून पिण्याची तेथें रूढीच पडली. परंतु या गोड आग्रहामागेंहि भट्टी आहेच. जपानी राजवटीनें १९१६ च्या मद्यकराच्या हुकुमानें घरगुती मद्याला जखडलें आणि १९३४ पर्यंत तें पुरतें बेकायदा झालें. मद्यावरचा कर हा त्या राजवटीच्या उत्पन्नाचा मोठा आधार बनला. स्वातंत्र्यानंतरचें सरकारहि मागें राहिलें नाहीं. तांदुळाचा तुटवडा म्हणून १९६५ सालीं त्यानें तांदुळापासून मद्य गाळण्यास मनाई केली. तेव्हांपासून रताळीं व टॅपिओका यांच्या मद्यार्कांत पाणी मिसळून केलेली स्वस्त सोजू घरोघर गेली. १९७६ सालीं तर घाऊक व्यापाऱ्यानें निम्मी सोजू आपल्या प्रांतांतील कारखान्याचीच घ्यावी, असाहि नियम झाला. पेल्यांत काय असावें आणि तें कोणाकडून घ्यावें, हें पिणाऱ्याच्या आधीं सरकारनें ठरविलें होतें. कथेंतील ती अडाणी बायको ‘समाज’ म्हणजे एक दुकान समजली, तेव्हां ती आपल्या विद्वान् नवऱ्यापेक्षां सत्याच्या अधिक जवळ होती!

हें लिहीत असतांना खिडकींतून देवगिरीचा कडा दिसतो. एकनाथांचे गुरु जनार्दनस्वामी या किल्ल्याचे अधिकारी होते, अशी परंपरा आहे. नाथ पुढें पैठणला गेले. आज पैठणच्या धरणामागील जलाशयाला त्यांच्याच नांवावरून ‘नाथसागर’ म्हणतात. त्या सागराचें पाणी छत्रपति संभाजीनगरला येतें, वाळूज आणि चिकलठाण्याच्या कारखान्यांना जातें, आणि त्या कारखान्यांत बिअर व मद्य करणाऱ्यांचा वांटा मोठा आहे. २०१६ च्या उन्हाळ्यांत लातूरला आगगाडीनें पाणी न्यावें लागलें. आमच्या आळींतहि टॅंकरची वाट पाहत घागरींच्या रांगा लागत. त्या वेळीं मद्याच्या कारखान्यांचें पाणी तोडावें, म्हणून प्रकरण उच्च न्यायालयाच्या येथील खंडपीठापुढें गेलें. खंडपीठानें तें प्रथम निम्म्यानें आणि पुढें साठ टक्क्यांनीं तोडण्याचा आदेश दिला. माणसाला पाणी आधीं कीं भट्टीला, हा प्रश्न न्यायाधीशांना सोडवावा लागावा, हाच एका शोकान्त नाटकाचा विषय आहे. त्या नाटकांत सुधाकराची गरजच नाहीं.

आणि कायद्याचा विनोद तर गडकऱ्यांच्या विनोदालाहि लाजवील. ज्या कायद्याखालीं महाराष्ट्रांत मद्य तयार होतें, विकलें जातें आणि त्यावर कर बसतो, त्याचें नांव दारूबंदी कायदा, सन १९४९. कागदोपत्रीं पिणाऱ्यालाहि परवाना लागतो. आणि तो कशासाठीं, तर आरोग्य राखण्यासाठीं! जून २०२५ मध्यें राज्याच्या मंत्रिमंडळानें मद्यावरील कर वाढविला, तेव्हां त्यापासून वर्षाला सुमारें चौदा हजार कोटी रुपयांचें जादा उत्पन्न अपेक्षित असल्याचें सांगण्यांत आलें. नांव बंदीचें आणि हिशेब उत्पन्नाचा! आर्यमदिरामंडळाच्या सभासदांनाहि हा तर्क सुचला नसता.

यावर रसिक वाचक म्हणेल, “महाराज, नाटक म्हणजे कांहीं अबकारी खात्याचा अहवाल नव्हे. माणसाच्या अंतःकरणांतील पडझड दाखविणें हें नाटककाराचें काम. मक्ते आणि कर यांची छाननी त्यानें कां करावी?” आक्षेप योग्य आहे व आम्हांस तो मान्य आहे. गडकऱ्यांनीं भट्टी दाखविली असती, तर कदाचित् सुधाकराचें दुःख विरळ झालें असतें. शिवाय ‘सरकार दारू विकतें, मी काय करूं?’ असें म्हणणारा सुधाकर ही एक पळवाट झाली असती, शोकनायक नव्हे. म्हणून ही उणीव नाटककाराची नसून आम्हां टीकाकारांची व शिक्षकांची आहे. शंभर वर्षें आम्ही सुधाकराच्या स्वभावदोषाचें पृथक्करण करीत बसलों आणि विद्यार्थ्यांच्या मनावर बिंबविलें कीं, दारूचा प्रश्न म्हणजे पिणाऱ्याच्या शीलाचा प्रश्न. या शिकवणुकीनें सर्वांत अधिक सोय कोणाची झाली असेल, तर ती नाटकांत न दिसणाऱ्या त्या विक्रेत्याची.

आतां राहिली सिंधु. नवऱ्याच्या हातून मूल गेलें, स्वतः मरणाच्या दारीं पोंचली, तरी फौजदारापुढें ती खोटें बोलते आणि नवऱ्याला वांचविते. ह्या प्रवेशाला आमच्या आज्यांनीं पदर डोळ्यांना लावला. आजच्या मुली कपाळाला आंठ्या घालतात. आम्हांस वाटतें, दोन्ही गोष्टी स्वाभाविक आहेत. सिंधूपुढें साक्ष देण्याचें एकच स्थळ होतें आणि तेथें आरोपी एकच होता. भट्टीविरुद्ध साक्ष देण्याची सोय तिच्या जगांत कोणीं ठेवलीच नव्हती.

आज ती सोय आहे. महाराष्ट्रांतील गांवच्या स्त्रिया मतदान करून तेथील दारूचें दुकान बंद करवूं शकतात. मतपत्रिकेवर दोन बाटल्या असतात. उभीवर शिक्का मारला तर दुकान चालूं, आडवीवर मारला तर बंद. मात्र पटावरील एकूण स्त्री-मतदारांपैकीं निम्म्याहून अधिक मतें आडव्या बाटलीला पडावीं लागतात. जी स्त्री आली नाहीं, तिचें मत न देतांच उभ्या बाटलीच्या पारड्यांत पडतें.

आमच्या त्या विद्यार्थिनीला आम्हीं पुढच्या तासाला वर्गासमोर सांगितलें कीं, तुझा प्रश्न बरोबर होता आणि उत्तर आम्हांला माहीत नव्हतें. तिनें शांतपणें सांगितलें कीं, तिच्या गांवांत असें मतदान झालें होतें आणि आडवी बाटली थोडक्या मतांनीं हरली. कारण ज्यांच्या घरीं दारूनें सर्वांत अधिक धुमाकूळ घातला होता, त्या बायका त्या दिवशीं गांवांत नव्हत्या. त्या ऊस तोडायला गेल्या होत्या. उसाच्या मळीपासून देशी दारू होते, हें तिला आम्हीं सांगण्याची गरज नव्हती.

यापुढें ‘एकच प्याला’ आम्ही पूर्वींइतक्याच आदरानें शिकवूं. मात्र पहिल्या प्याल्याचा प्रवेश आला कीं पुस्तक क्षणभर मिटून त्या मुलीचा प्रश्न वर्गाला विचारूं, आणि मगच पुढें वाचूं.