तेंडुलकरांचे दोन मास्तर, एक डॉक्टर

विजय तेंडुलकर (१९२८–२००८) हे नाव निघाले की शिक्षकांच्या खोलीत ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ आणि ‘घाशीराम कोतवाल’ यांवर बोलणे सुरू होते. त्यांच्या पटकथांचा विषय क्वचितच निघतो. ‘सामना’ (१९७४), ‘निशांत’ (१९७५), ‘मंथन’ (१९७६), ‘सिंहासन’ (१९७९), ‘आक्रोश’ (१९८०), ‘उंबरठा’ (१९८२), ‘अर्धसत्य’ (१९८३) एवढे काम दहा वर्षांतले आहे. ‘मंथन’च्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

यांपैकी पहिले तीन आम्ही यंदा धारूरला ओळीने पाहिले. ‘सामना’ आणि ‘मंथन’ अकरावी-बारावीच्या मुलांबरोबर, ‘निशांत’ फक्त शिक्षकांनी. तो वर्गात दाखवण्यासारखा नाही. लागोपाठ पाहिल्यावर एक गोष्ट लक्षात आली. तिन्हींत एक शिकलेला माणूस बाहेरून गावात येतो. दोनदा तो मास्तर आहे, तिसऱ्यांदा जनावरांचा डॉक्टर. गावाला जे ठाऊक असते पण गाव जे बोलत नाही, त्याच्याशी या तिघांची गाठ पडते. मात्र प्रत्येकाच्या हातातले साधन वेगळे आहे.

‘निशांत’ची कथा १९४५ च्या सुमाराच्या तेलंगणातली, म्हणजे निजामी राज्यातली. सप्टेंबर १९४८ पर्यंत धारूरही त्याच राज्यात होते, त्यामुळे ती हवेली आणि ती दहशत आमच्याकडच्या म्हाताऱ्यांना समजावून सांगावी लागत नाही. जमीनदाराचे भाऊ मास्तरची बायको उचलून नेतात. मास्तर पोलिसांकडे जातो, अधिकाऱ्यांकडे जातो. घडले ते खोटे आहे असे कोणी म्हणत नाही आणि कोणी हलतही नाही. शेवटी जमाव उठतो आणि त्यात निरपराधांचेही बळी जातात. आमच्या मते पटकथेची कच्ची बाजू इथेच आहे. इतकी वर्षे मान खाली घालून जगणारे गाव एवढे कसे पेटले, हे फार झटपट उरकले आहे.

‘सामना’तला मास्तर दारूत बुडालेला, एकेकाळचा स्वातंत्र्यसैनिक. त्याच्याजवळ एक प्रश्न आहे: मारुती कांबळे या माजी सैनिकाचे काय झाले? समोर आहे साखरसम्राट हिंदुराव धोंडे-पाटील. तेंडुलकरांनी त्याला नुसता खलनायक केलेले नाही. त्याने कारखाना उभा केला आहे, तो पाहुण्याला जपतो, गप्पा रंगवतो. निळू फुले आणि श्रीराम लागू समोरासमोर बसले की हिंदुराव आवडू लागतो, आणि तेवढ्यात मास्तर तोच प्रश्न पुन्हा काढतो. तिघांत सर्वांत पक्की पटकथा हीच.

‘मंथन’ची निर्मिती गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये घालून केली. इथे डॉ. रावकडे दूध तपासण्याची सोय आहे. मुलांनी विचारले, फॅट काढतात म्हणजे नक्की काय करतात? रूढ असलेली गर्बर पद्धत सांगितली. ब्युटिरोमीटर नावाच्या नळीत १० मिलिलिटर तीव्र सल्फ्युरिक आम्ल, सुमारे पावणेअकरा मिलिलिटर दूध आणि १ मिलिलिटर अमाइल अल्कोहोल घालतात. आम्लाने प्रथिने विरघळतात, मोकळी झालेली चरबी यंत्रात फिरवल्यावर नळीच्या मानेत गोळा होते आणि तिथल्या खुणांवर टक्केवारी वाचता येते. गायीच्या दुधात साधारण साडेतीन ते चार टक्के, म्हशीच्या सहा-सात. दूध पाण्यासारखे आहे असे म्हणून भाव पाडणाऱ्याला मग हा आकडा खोडावा लागतो.

तेंडुलकर या आकड्यावर भाळत नाहीत, हे आम्हांला फार महत्त्वाचे वाटते. दूध तपासून झाले तरी सोसायटीत दलितांच्या शेजारी उभे राहायचे की नाही, हा प्रश्न उरतोच. सरपंच निवडणूक हरतो, त्याचा सूड घेतो, आणि अखेर रावची बदली होते. तरी सोसायटी मागे राहते. ती चालवायला भोला पुढे येतो. तिघांपैकी फक्त याच पाहुण्याच्या मागे गावाच्या हाती काही उरते.

धारूरच्या मुलांना मात्र ‘सामना’च जास्त लागला. या बालाघाटातली पुष्कळ घरे ऊसतोडीला जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता, मुकादमाची उचल, आणि मजुरी टनावर. कारखाना चित्रपटात आहे, पण कथा वाडा आणि मास्तर यांच्यातच फिरते. कोयत्याच्या बाजूने तो कसा दिसतो, ती पटकथा तेंडुलकरांनी लिहिली नाही. बारावीतल्या एका मुलीने विचारले, “सर, दुधाचं फॅट गावात निघतं, मग उसाचं वजन फडात का नाही?” भरलेली आणि रिकामी गाडी कारखान्याच्या काट्यावर चढते, वजाबाकी तिथेच होते, तोडणारा तेव्हा फडात असतो.

आम्ही फळ्यावर तरफ काढली. सरळ दांडा मधोमध टांगायचा, एका बाजूला एक हातावर मोळी, दुसऱ्या बाजूला दहा किलोचे माप. माप तीन हातांवर असताना दांडा आडवा राहिला, तर मोळी तीस किलोची. आकृती तिने वहीत उतरून घेतली. दिवाळीनंतर ती आईवडिलांबरोबर जाणार आहे. दोरी आणि माप बरोबर नेते म्हणाली.