टिपऱ्यांचे घर आणि आमचे घर

कौटुंबिक मालिका म्हटली की कारस्थानी सासू, सोशिक सून आणि दागिन्यांनी मढलेल्या बायका डोळ्यांसमोर येतात. २००१ साली अल्फा टीव्ही मराठीवर सुरू झालेली 'श्रीयुत गंगाधर टिपरे' या वाटेने गेली नाही. दिलीप प्रभावळकरांच्या 'अनुदिनी' या पुस्तकावरची ही मालिका केदार शिंदे यांनी दिग्दर्शित केली. आबा, मुलगा शेखर, सून श्यामला, नातवंडे शिऱ्या आणि शलाका, एवढाच संसार. घरातली कुरबूर आबा डायरीत टिपतात. ते घरच्यांना हसतात, पण कुणाला हिणवत नाहीत. प्रभावळकरांनी म्हातारपणाची ना कीव केली, ना थोरवी गायली. शुभांगी गोखले यांची श्यामला तर कोणत्याही बिल्डिंगीत भेटेल अशी आई आहे.

नालासोपाऱ्यातल्या आमच्या एका खोलीच्या घरात ही मालिका सगळे मिळून पाहत. आमची शाळा उर्दू, मराठी फक्त पाठ्यपुस्तकातली. बोलती मराठी आम्हाला आबांनी शिकवली. दादी म्हणायची, "ये बुढ्ढा तो अपनेच घर का है."

पण ते घर पुरते आमचे नव्हते. घरातली थोरली मंडळी हसीना मोईन यांच्या 'तनहाइयाँ'ची (१९८५) आठवण काढीत. पाकिस्तान टेलिव्हिजनच्या त्या मालिकेची जबान आमची होती, पण शहर कराचीचे. टिपऱ्यांचे जगणे आमच्या मुलखाचे, पण जबान शेजारची. या दोन घरांच्या मधले आमचे घर कुठे आहे? मराठी पडद्यावर मुसलमान येतो तो बहुधा ईदेला, दंग्याला किंवा नायकाचा दोस्त म्हणून. साध्या मंगळवारी तो घरात काय करतो, हे कोणी दाखवत नाही.

याचा दोष टिपऱ्यांवर टाकणे अन्यायाचे होईल. एका मालिकेने सगळ्यांची घरे दाखवावीत, अशी अपेक्षाही नाही. थोडा दोष आमचाही आहे. वर्गात आम्ही 'माझे घर' या विषयावर मराठीत लिहायला सांगितले, तर बहुतेक मुलांनी ईद आणि शीरखुर्मा लिहिला. जणू इतर दिवशी आमच्या घरात काही घडतच नाही! एका मुलीने मात्र पाण्याच्या नंबरावरून अम्मी आणि फुप्पीत झालेले भांडण लिहिले, आणि रात्री दोघींनी एकाच ताटात खाल्ले तेही लिहिले. शुद्धलेखनाच्या चुका पुष्कळ होत्या. तरी वर्गात मोठ्याने वाचून दाखवला तो तिचाच निबंध.

आबांची डायरी अशाच भांडणांनी भरलेली आहे. आमच्या घरची डायरी आता आमच्यातल्याच कोणीतरी, मराठीत, लिहायला हवी.