शस्त्र, शस्त्रधारी आणि उत्तरदायित्व : फिलिप पुलमन यांच्या कादंबरीत्रयीतील ‘सूक्ष्म सुरी’

बीजशब्द : अद्भुतरम्य कादंबरी, मायावी शस्त्र, साधन आणि हेतू, नैतिक उत्तरदायित्व

प्रस्तावना

अद्भुतरम्य साहित्यातील मायावी शस्त्रांचा विचार बहुधा शस्त्रधाऱ्याच्या योग्यतेच्या अंगाने केला जातो. शस्त्र सज्जनाच्या हाती पडले तर तारक आणि दुर्जनाच्या हाती पडले तर मारक, अशी ही सर्वसाधारण धारणा आहे. इंग्रज कादंबरीकार फिलिप पुलमन यांनी ‘हिज डार्क मटेरियल्स’ या कादंबरीत्रयीत (‘नॉर्दर्न लाइट्स’, १९९५, ‘द सटल नाइफ’, १९९७, ‘द अँबर स्पायग्लास’, २०००) निर्माण केलेली सूक्ष्म सुरी ही धारणा मुळापासून तपासून पाहते. साधनाचे मूल्य केवळ वापरणाऱ्याच्या हेतूवर ठरते काय, हा प्रश्न या सुरीच्या अनुषंगाने येथे विचारात घेतला आहे.

शस्त्राचे स्वरूप व नियम

चित्तागात्से या काल्पनिक नगरातील तत्त्वज्ञांच्या संघाने सुमारे तीनशे वर्षांपूर्वी ही सुरी घडविली, असे कथानकात सांगितले आहे. तिची एक धार कोणताही पदार्थ कापते, तर दुसरी धार दोन विश्वांमधील पडदा कापून एका विश्वातून दुसऱ्यात जाण्याची खिडकी उघडते. देवदूतांच्या मनोऱ्यावर सुरीसाठी झालेल्या झुंजीत विल पॅरी हा बारा वर्षांचा मुलगा डाव्या हाताची दोन बोटे गमावतो. पूर्वीचा धारक जाकोमो पारादीसी याचीही तीच बोटे तुटलेली असतात. धारकत्वाची खूण ही अशी शरीरावरील उणीव आहे.

पारादीसी विलला चार नियम घालून देतो : उघडलेली खिडकी बंद करावी, सुरी दुसऱ्यास वापरू देऊ नये, हीन कामासाठी वापरू नये आणि तिचे अस्तित्व गुप्त ठेवावे. हे चारही नियम धारकाच्या वर्तनाविषयी आहेत. दक्ष धारक मिळाला की शस्त्र निर्धोक होते, असा विश्वास त्यामागे आहे. संघाच्या लोकांनी सुरीचा उपयोग परक्या विश्वांत चोऱ्या करण्यासाठी केला. त्यांच्या तुलनेत विल हा सर्वथा योग्य धारक ठरतो.

नियमपालनानंतरही उरणारी हानी

तिसऱ्या खंडाच्या अखेरीस दोन गोष्टी उघड होतात. उघड्या राहिलेल्या खिडक्यांतून ‘डस्ट’ हे जाणिवेशी निगडित द्रव्य विश्वांबाहेरील पोकळीत वाहून जात आहे. शिवाय सुरीने घेतलेल्या प्रत्येक छेदासरशी एक ‘स्पेक्टर’ जन्मास येतो. हे स्पेक्टर बालकांना स्पर्श करीत नाहीत, परंतु प्रौढांची जाणीव शोषून त्यांना जिवंतपणीच निर्जीव करतात. पहिली हानी खिडकी बंद करून टाळता येते. दुसरी मात्र टळत नाही, कारण ती छेदातच आहे. विलने सद्हेतूने आणि नियम पाळून उघडलेल्या खिडक्यांचे मोलही कोणा अनोळखी प्रौढाने चुकविलेले असते.

येथे पुलमन यांचे वेगळेपण स्पष्ट होते. महाभारताच्या सौप्तिकपर्वात अर्जुन आपले अस्त्र परत घेऊ शकतो. अश्वत्थाम्याला ते जमत नाही आणि तो आपले अस्त्र पांडवस्त्रियांच्या गर्भांवर वळवितो. तेथील भेद धारकाच्या संयमाचा व अधिकाराचा आहे. टोल्किन यांच्या कादंबरीतील अंगठी सज्जनालाही भ्रष्ट करते, कारण तिच्यात निर्मात्याचाच दुष्ट संकल्प उतरलेला आहे. सुरी विलला भ्रष्ट करीत नाही. तो अखेरपर्यंत सज्जनच राहतो आणि हानी तरीही घडते. सुरीचे स्वतःचेही हेतू असू शकतात, या अस्वलराज योरेक बर्निसनच्या इशाऱ्याचा अर्थ याच संदर्भात लावावा लागतो. तुटलेली सुरी तो सांधून देतो, पण नाखुशीने.

युद्धदृष्टीतून निसटणारे शस्त्र

या सुरीला ‘देवसंहारक’ अशा अर्थाचे नाव आहे आणि लॉर्ड ॲझ्रिएल स्वर्गसत्तेविरुद्धच्या युद्धात तिच्यावर भिस्त ठेवून असतो. प्रत्यक्षात विल व लायरा एका स्फटिकाच्या पालखीत अडकलेल्या जराजर्जर जीवाची दया येऊन ती पालखी सुरीने कापतात आणि तो जीव सुटकेच्या समाधानाने वाऱ्यात विरून जातो. तोच सर्वसत्ताधीश होता, हे त्या दोघांना ठाऊक नसते. नाव सार्थ होते ते संहाराने नव्हे, करुणेने. मात्र या प्रसंगावरून सुरी निर्दोष ठरविणे घाईचे होईल. करुणेने केलेला छेद पालखीचा होता. विश्वांमधील छेदांचा हिशेब त्यामुळे मिटत नाही.

रचनेतील गुणदोष

दुसऱ्या खंडात वाचकाला प्रथम परिणाम दिसतो : प्रौढांवाचून ओस पडलेले नगर आणि तेथे क्रूर होत चाललेली मुले. त्याचे पूर्ण कारण तिसऱ्या खंडाच्या शेवटी कळते. दरम्यान नव्या खिडकीबरोबर मिळणाऱ्या रोमांचाचा आनंद वाचकही घेत असतो. कारण उशिरा सांगितल्याने तो आनंदही पश्चात्तापाचा विषय होतो. हे या रचनेचे यश होय. तथापि हा उलगडा मुख्यतः देवदूत झफानियाच्या निवेदनातून होतो, पात्रांच्या शोधातून पुरेसा होत नाही. सुरी घडविणाऱ्या संघाचे अंतरंगही कादंबरी फारसे दाखवीत नाही. निर्मात्यांच्या उत्तरदायित्वाचा प्रश्न त्यामुळे अर्धवट राहतो. ज्ञाननिर्मिती हाच ज्यांचा व्यवसाय, त्यांच्याविषयीचे हे मौन विशेष जाणवते.

निष्कर्ष

सूक्ष्म सुरीच्या कथेतून साधनाच्या तटस्थतेची कल्पना बाद होते. चांगला हेतू, योग्य धारक आणि काटेकोर नियम या तिन्ही गोष्टी असूनही काही साधनांची हानी शिल्लक राहते आणि ती इतरांना सोसावी लागते. अशा वेळी अधिक चांगला धारक शोधणे हा उपाय नव्हे. मृतांच्या सुटकेसाठीची एक खिडकी तेवढी उघडी ठेवण्याचे ठरते, बाकी सर्व बंद व्हायच्या असतात. विल व लायरा आपापल्या विश्वात कायमचे विलग होतात. विल लायराच्या स्मरणाने सुरी मोडतो. शस्त्र मिळविताना त्याने बोटे गमावली होती, ते सोडताना तो प्रिय व्यक्तीचा सहवास गमावतो. या दुसऱ्या त्यागामुळेच तो खऱ्या अर्थाने शस्त्राचा उत्तरदायी धारक ठरतो.