परभाषेतील वाचिक अभिनय : रुटगर हाउअर

रुटगर हाउअर (१९४४-२०१९) या डच नटाविषयीची चर्चा बहुधा त्याच्या देखणेपणापाशीच थांबते. त्याच्या वाचिक अभिनयाचा विचार क्वचितच होतो. नेदरलँड्सच्या उत्तर भागात हिंडणाऱ्या ‘नोर्डर कोम्पानी’ या नाटकमंडळीत त्याची उमेदवारी झाली. ‘फ्लोरिस’ (१९६९) या दूरचित्रमालिकेने व पाउल व्हरहूव्हनच्या ‘तुर्क्स फ्रौट’ (१९७३) या चित्रपटाने त्याला कीर्ती दिली. या दुसऱ्या भूमिकेत तो स्वभाषेत मोकाट बोलतो; शब्दांची उधळण करतो म्हटले तरी चालेल. पुढे इंग्रजी चित्रपटांत त्याच्या वाट्याला वारंवार खलपुरुष आले. परका उच्चार म्हणजे दुष्टपणा, हे हॉलिवूडचे जुनेच समीकरण! हे नुकसान नाकारण्यात अर्थ नाही. परंतु परभाषेत प्रत्येक शब्द तोलावा लागतो, आणि त्या सक्तीचे हाउअरने शैलीत रूपांतर केले. ‘ब्लेड रनर’मधील (१९८२) कृत्रिम मानवाचे मरणसमयीचे लांबलचक भाषण त्याने स्वतःच छाटले व अखेरीस एक वाक्य जोडले. तेथे शब्दांइतकेच त्यांमधील विराम बोलतात. एर्मान्नो ओल्मीच्या १९८८ च्या चित्रपटात पॅरिसमधील बेघर मद्यपी रंगविताना तर तो संवादांवाचूनच बहुतेक सारे साधतो. ‘तुर्क्स फ्रौट’मधला वाचाळ तरुण तो हाच, हे ओळखणे कठीण जाते.