श्येन, ससाणा आणि घार : एका प्रतीकाची चिकित्सा

मराठी काव्यविवेचनात शिकारी पक्ष्याचा उल्लेख आला की 'तीक्ष्ण दृष्टी', 'सामर्थ्य' आणि 'क्रौर्य' हे तीन शब्द बहुधा हातात हात घालून येतात. मूळ शब्द श्येन असो, ससाणा असो वा घार असो, त्यांचा अर्थ एकच लावला जातो. हा प्रघात कितपत समर्थनीय आहे, याचा विचार प्रस्तुत टिपणात करावयाचा आहे.

प्रथम कोशांची साक्ष पाहावी. अमरकोशाच्या सिंहादिवर्गात श्येनाला 'शशादन' आणि 'पत्री' हे पर्याय आहेत; घारीसाठी 'चिल्ल' व गिधाडासाठी 'गृध्र' हे शब्द वेगळे नोंदविले आहेत. 'शशादन' म्हणजे सशाला खाणारा. मराठी 'ससाणा' या शब्दाचा संबंध त्याच्याशीच जोडला जातो. कुमाऊँचा राजा रुद्रदेव याच्या 'श्यैनिकशास्त्र' या ग्रंथात तर श्येनांचेच डोळ्यांच्या रंगावरून दोन वर्ग केलेले आहेत : काळ्या डोळ्यांचे आणि तांबूस-पिवळ्या डोळ्यांचे. हरप्रसाद शास्त्री यांनी हा ग्रंथ १९१० साली कलकत्त्यास प्रसिद्ध केला. बहिरी ससाण्यासारखे पक्षी पहिल्या वर्गात मोडतात, तर शिक्रा दुसऱ्या. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय संशोधनाने असे दाखविले की पहिल्या गटाचे नाते शिक्ऱ्यापेक्षा पोपटांशी व गाणाऱ्या पक्ष्यांशी अधिक जवळचे आहे. शिकाऱ्याच्या सूक्ष्म नजरेने केलेला भेद अशा रीतीने शास्त्रानेही मान्य केला आहे. मराठीत मात्र 'ससाणा' हा शब्द दोहोंनाही सरसकट लावला जातो.

'बहिरी' या नावाची कथा याहून उद्बोधक आहे. मराठी वाचकाला या शब्दात 'ऐकू न येणारी' असा अर्थ सहज ऐकू येतो. वस्तुतः हा शब्द बाज, शाहीन, शिक्रा या शब्दांप्रमाणेच शिकारखान्याच्या फारसी-अरबी परिभाषेतून आलेला असून त्याचे मूळ अरबी 'बह्री', म्हणजे सागरी, असे आहे. शिकारखाने गेले, १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने पक्षी पाळून शिकार करण्याचा मार्गही बंद झाला, आणि नावे तेवढी मागे राहिली. नावामागचा अनुभव नष्ट झाला की ऐकू येणाऱ्या पक्ष्यालाही भाषा बहिरे ठरविते.

दृष्टीच्या बाबतीतही असाच अतिरेक झालेला आहे. या पक्ष्यांची नजर माणसाच्या आठपट असते असे वारंवार लिहिले जाते. परंतु प्रत्यक्ष मोजमापांत मोठ्या गरुडाची दृष्टितीक्ष्णता माणसाच्या दुपटीहून थोडी अधिक भरते. खरे वैशिष्ट्य निराळेच आहे. त्यांच्या प्रत्येक डोळ्यात स्पष्ट दृष्टीची दोन केंद्रे असतात, आणि त्यांतील अधिक तीक्ष्ण केंद्र समोर न पाहता बाजूला पाहते. म्हणून दूरच्या भक्ष्यावर नजर ठेवणारा बहिरी ससाणा सरळ रेषेत न येता वक्र मार्गाने येतो, असे २००० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. १९९५ साली असेही प्रतिपादन झाले होते की खरुची हा लहान ससाणा उंदरांच्या मूत्राच्या खुणा अतिनील प्रकाशात पाहतो. २०१३ च्या संशोधनाने या मताविषयी गंभीर शंका उपस्थित केली. सारांश, 'रोखलेली नजर' हे रूपक पक्ष्यापेक्षा माणसाच्याच डोळ्यावरून बेतलेले आहे.

आता साहित्यकृतींकडे वळावे. महाभारताच्या वनपर्वात श्येन आणि कपोत यांची कथा येते. ही कथा राजाच्या त्यागाची म्हणून शिकविली जाते आणि ते योग्यच आहे. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात याच कथेचे बौद्ध रूप चित्रित झाले आहे. परंतु उशीनर राजाच्या आख्यानात श्येन केवळ क्रूर नाही. तो युक्तिवाद करतो. आपला आहार हिरावला तर आपल्यासह बायकापोरेही मरतील, एकाला वाचवून अनेकांना मारणे हा कसला धर्म, असा त्याचा प्रश्न आहे. राजा त्याला खोडून काढीत नाही, तर स्वतःचे मांस तराजूत घालतो. म्हणजे श्येनाची भूक येथे न्याय्य मानलेली आहे. ती न्याय्य नसती तर तराजूची गरजच उरली नसती. श्येनाला क्रौर्याचे प्रतीक ठरविणारा वाचक कथेतील नैतिक पेचच काढून टाकतो.

जनाबाईच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या अभंगातील घार याहून सर्वस्वी भिन्न आहे. ती आकाशात हिंडते, पण तिचे चित्त पिल्लांपाशी असते. येथे दृष्टी भक्ष्य शोधणारी नसून आठवण ठेवणारी आहे. घार गोल फिरते ती वर चढणाऱ्या उष्ण हवेच्या आधाराने; पंख न हलवता तरंगणाऱ्या त्या शरीराची निष्क्रियता आणि चित्ताची जागरूकता यांतील विरोधावर ही प्रतिमा उभी आहे. घरट्याजवळ आलेल्या माणसावरही घार झेपावते, हा अनुभव नगरवासीयांना नवा नाही. घारीच्या जागी ससाणा घातला तर ही प्रतिमा कोसळेल.

काव्य म्हणजे प्राणिशास्त्र नव्हे, चकोर चांदणे पितो हे कोणी तपासून पाहत नाही, असा आक्षेप यावर घेता येईल. तो अंशतः खरा आहे. तथापि चकोर हा कविसंकेत आहे आणि तो ग्रंथांतून ग्रंथांत येतो. जनाबाईची घार मात्र डोक्यावर दिसणारी घार आहे. संकेताला निरीक्षणाची गरज नसते. ज्या प्रतिमेचा प्राणच निरीक्षणात आहे तिला संकेत मानून वाचणे हा समीक्षेचा दोष होय.

ठाणे-कल्याण परिसरात हा भेद प्रत्यक्ष पडताळता येतो. ठाण्याची खाडी, कल्याणचा दुर्गाडी किल्ला, मासळीबाजार आणि कचऱ्याचे ढीग यांवर घार घिरट्या घालते. येऊरच्या झाडीत, क्वचित डोंबिवलीच्या वसाहतीतही, शिक्रा फांदीआड दबा धरून बसतो. माळरानावर कापशी घार एकाच जागी पंख फडफडवीत स्थिर राहते. हिवाळ्यात पाहुणा म्हणून येणारा बहिरी ससाणा शहरातील कबुतरांवर जगतो. या चार पक्ष्यांच्या पाहण्याच्या रीती चार आहेत. ठाणे खाडीचा काही भाग २०१५ साली फ्लेमिंगो अभयारण्य म्हणून घोषित झाला आणि २०२२ साली त्याला रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. त्या पाणथळीचे आकर्षण गुलाबी पक्षी आहेत. वरून फिरणाऱ्यांना सामान्य प्रेक्षक एकाच नावाने ओळखतो.

या प्रश्नाचे महत्त्व केवळ वाङ्मयीन नाही. २०२५ साली मुंबईतील कबुतरखान्यांचा वाद उच्च न्यायालयापर्यंत गेला. एका बाजूस भूतदया आणि दुसऱ्या बाजूस माणसांचे आरोग्य होते. कपोताला अभय देणाऱ्या राजाचा वारसा सांगणाऱ्या समाजाला त्या कथेत तिसराही एक पक्षकार होता, आणि त्याला दाणे नव्हे, कबुतरच हवे होते, याचे स्मरण क्वचितच होते. श्येनाचे म्हणणे राजाने ऐकून घेतले होते. वनपर्वातील ते आख्यान वर्गात शिकविताना निदान त्याचा युक्तिवाद वगळला जाऊ नये.