खानोलकरांचे गाव आणि ‘ग्रामीण’ ही संज्ञा

चिं. त्र्यं. खानोलकर (१९३०-१९७६) यांच्या कथात्म साहित्याची वासलात मराठी समीक्षेने बहुधा ‘गूढ’ या एका विशेषणात लावली आहे. ग्रामीण साहित्याच्या चर्चेत व्यंकटेश माडगूळकर, शंकर पाटील, आनंद यादव ही नावे अग्रक्रमाने येतात; खानोलकर त्या परिघाबाहेर राहतात. याचे कारण त्यांच्या लेखनापेक्षा ‘ग्रामीण’ या संज्ञेच्या घडणीत शोधावे लागते. देशावरील शेतीजीवन समोर ठेवून ही संज्ञा सिद्ध झाली. दुष्काळ, बैल, बांध, सावकार ही तिची गमके ठरली. ज्या गावात सत्तेचा एक उगम देवळात असतो, त्या गावासाठी तिच्यापाशी परिभाषा नव्हती.

दक्षिण कोकणातील गाव हे असे गाव आहे. मालवणपासून गोव्याच्या सीमेवरील दोडामार्गापर्यंत गावऱ्हाटी ही निव्वळ श्रद्धा नसून व्यवस्था आहे. ग्रामदेवतेला कौल लावून गाव आपले निर्णय घेते. पहिला मान कोणाचा, यावर घराण्यांची प्रतिष्ठा अवलंबून असते. येथे दैवत जितके अलौकिक, तितकेच सामाजिक असते.

वेंगुर्ले तालुक्यातील बागलांच्या राईत जन्मलेल्या, कुडाळात खानावळ चालवलेल्या आणि १९५९ मध्ये मुंबईस आलेल्या खानोलकरांना ही व्यवस्था आतून ठाऊक होती. ‘कोंडुरा’ (१९६६) या कादंबरीतील नायकाला लाभलेली सिद्धी खरी की भ्रम, हा प्रश्न वाचकाला प्रथम पडतो. परंतु ती खरी मानण्यात कोणाचे हित गुंतले आहे, हा प्रश्न अधिक मूलगामी आहे. सामान्य माणसाला देवत्व बहाल करणारे गाव आपल्या गरजांचे ओझेही त्याच्यावर लादते. ‘गणूराय आणि चानी’मधील चानी ही गोऱ्या सोजिराची मुलगी, तिला दूर लोटताना गाव पावित्र्याच्या नावाने आपल्या उतरंडीचेच रक्षण करते.

हा अन्वयार्थ स्वीकारला तरी खानोलकरांच्या मर्यादा झाकत नाहीत. कुळे आणि मजूर यांचे श्रम त्यांच्या लेखनात अंधुक राहतात. नियतीचे सावट कधी इतके दाटते की सामाजिक कारणपरंपरा दिसेनाशी होते. मात्र या मर्यादा ग्रामीण लेखकाच्या मर्यादा म्हणून तपासल्या पाहिजेत; गूढवादी ठरवून त्याला वगळणे हा त्यावरचा उपाय नव्हे.

भूमी आणि श्रद्धा यांची अशी फारकत आवश्यक नसते, याची साक्ष युक्रेनी ग्रामीण कथाकार वासिल स्तेफानिक (१८७१-१९३६) देतो. त्याच्या ‘दगडी क्रूस’ (१९००) या कथेतील शेतकरी कॅनडास निघताना, आयुष्यभर कसलेल्या खडकाळ टेकडीवर आपले व पत्नीचे नाव कोरलेला क्रूस उभारतो. तो क्रूस धर्मचिन्ह आहे आणि श्रमाची नोंदही. दारिद्र्य आणि श्रद्धा तेथे एकाच दगडात एकवटली आहेत.

दोडामार्ग तालुक्यात या प्रश्नाला आजचा संदर्भ आहे. महाराष्ट्र व गोवा यांच्या संयुक्त तिलारी प्रकल्पाने तेथील गावे विस्थापित केली. बुडालेल्या शेताचे मोजमाप होते. देवस्थळ, मानाचा क्रम, कौल मागण्याची जागा यांचे कसे करावे? या हानीची कथा लिहिली जाईल, तेव्हा केवळ शेतशिवार मोजणारी समीक्षा तिलाही ‘गूढ’ म्हणून बाजूस सारील. खानोलकरांचे पुनर्वाचन म्हणूनच एका लेखकाला न्याय देण्यापुरते सीमित नाही. गाव म्हणजे काय, या प्रश्नाचे उत्तर त्यात पणाला लागले आहे.