गोरोबाकाकांचे पाय : एका संतकथेतील नैतिक प्रश्न

लोहारा तालुक्यातील माकणी येथे निम्न तेरणा धरणाची भिंत तेरणेला अडवते. याच नदीच्या वरच्या अंगाला तेर हे गाव आहे आणि तेथे नदीकाठीच संत गोरोबाकाकांचे समाधिमंदिर आहे. गोरोबांची कथा महाराष्ट्रात सर्वत्र सांगितली जाते. पण तेरणाकाठच्या मातीत ती ऐकताना जो प्रश्न मनात उभा राहतो, तो अन्यत्र तितक्या तीव्रतेने जाणवत नाही, असे आम्हांस वाटते. त्या प्रश्नाचा विचार करण्यासाठीच हा लेख.

महिपतींनी 1762 साली पूर्ण केलेल्या ‘भक्तविजय’ या ग्रंथात ही कथा विस्ताराने आली आहे. गोरोबा विठ्ठलाचे नामस्मरण करीत चिखल तुडवीत आहेत. पत्नी मुलाला त्यांच्यावर सोपवून पाण्याला जाते. मूल रांगत चिखलात येते आणि बापाच्या पायांखाली तुडवले जाते. बापाला भान नाही. पत्नी परत येऊन आक्रोश करते, तेव्हा भजनात व्यत्यय आला म्हणून गोरोबा तिच्यावर काठी उगारतात. ती त्यांना विठ्ठलाची शपथ घालते : मला स्पर्श करू नका. ती शपथ ते पाळतात. पुढे तिच्या बहिणीशी विवाह होतो. दोघींना सारखे वागवा, असे सासरे सांगतात आणि ती शपथ दोघींनाही लागू होते. एके रात्री त्या दोघी त्यांचे हात आपल्या अंगावर ठेवतात, तेव्हा शपथ मोडली म्हणून गोरोबा आपले हात तोडतात. अखेरीस पंढरपुरात नामदेवांच्या कीर्तनात हात परत येतात आणि मूलही रांगत आईकडे येते.

कीर्तनकार बहुधा या शेवटाकडे घाईने निघालेले असतात. आम्ही मात्र मध्येच थांबू इच्छितो. मूल मेले त्या क्षणी गोरोबा दोषी होते काय?

पहिले उत्तर रूपकाचे आहे. मूल म्हणजे ममता, चिखल म्हणजे देह. भक्ताने ममता तुडवली, असा अर्थ लावणारे पुष्कळ आहेत. या अर्थाने गोरोबा सुटतात खरे. पण ते मुलाच्या जिवावर सुटतात. ममतेसाठी कोणी आई टाहो फोडीत नाही. महिपतींच्या कथेत आईचा टाहो आहे, म्हणून ते मूल रूपक नव्हे, मूलच आहे.

दुसरे उत्तर हेतूचे आहे. गोरोबांना ठाऊक नव्हते. जाणिवेवाचून पाप कसले? हा युक्तिवाद वजनदार आहे. 1992 साली प्रसिद्ध झालेला कॅथॉलिक धर्मशिक्षण-ग्रंथही गंभीर पापासाठी कृत्याच्या गांभीर्याबरोबर पूर्ण जाणीव आणि हेतुपुरस्सर संमती आवश्यक मानतो. परंतु तोच ग्रंथ असेही सांगतो की जे जाणून घ्यायला किंवा करायला हवे होते त्याविषयी हयगय झाली, तर तिच्या परिणामांची जबाबदारी अप्रत्यक्षपणे माणसावर येते. मूल गोरोबांवर सोपवलेले होते. तेव्हा प्रश्न हेतूचा नाही, अवधानाचा आहे.

कथा स्वतः या बाबतीत तिच्या भाष्यकारांपेक्षा अधिक प्रामाणिक आहे. ज्या बापाला पायांखालचे मूल जाणवले नाही, त्याला पत्नीचे रडणे मात्र ऐकू आले, आणि राग आला. म्हणजे देहाचे भान गेले होते. रागाचे घर शाबूत होते. पूर्ण समाधी असती तर काठी उगारलीच गेली नसती. दुसरी गोष्ट त्याहून सूचक आहे. चिखल तुडवला पायांनी. शासन झाले हातांना. शपथेच्या भंगासाठी हात तुटले, पण मुलासाठी पायांना कोणी जाब विचारला नाही. नवसाची, नेमाची, शपथेची चूक आपल्याला चटकन दिसते. जवळच्या माणसाकडे लक्ष न दिल्याची चूक दिसत नाही. आमच्या मते या कथेतील मनुष्यस्वभावाचे सर्वात खोल निरीक्षण हेच आहे, मग ते महिपतींना अभिप्रेत असो वा नसो.

फ्रेंच विचारवंत सिमोन वेल (1909–1943) यांनी शुद्ध अवधानालाच प्रार्थना मानले आणि दुःखिताकडे लक्ष देण्याची शक्तीही तीच, असे म्हटले. या दृष्टीने नाम आणि मूल यांच्यात निवड करण्याचा प्रसंगच येत नाही. नाम घेणारे मन पुरेसे जागे असते, तर त्याला मुलाची चाहूल लागली असती.

आता तेरणाकाठच्या मातीविषयी. 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे, चार वाजण्याच्या सुमारास, किल्लारी–सास्तूरच्या पट्ट्यात भूकंप झाला. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती; गणपती विसर्जित करून गावे झोपली होती. मृतांची संख्या 8 ते 10 हजारांच्या घरात गेली. त्यांतील असंख्य माणसे घराच्या दगडमातीखाली गेली. माळवदावरचे मातीचे जाड थर, मातीत रचलेल्या दगडी भिंती : हे सारे उन्हापासून लेकराबाळांना गारवा मिळावा म्हणून पिढ्यान्‌पिढ्या केलेले होते. ती माती चढवणारे हात निर्दोष होते. तरीही मागे राहिलेल्या बापाच्या मनातून ‘आपल्याच छपराखाली’ हा शब्द पुसणे सोपे नाही.

अशा माणसापुढे मूल रांगत परत आल्याची कथा कशी सांगावी? ईयोबाच्या ग्रंथाच्या शेवटीही त्याला पुन्हा मुले होतात. परंतु गेलेली परत येत नाहीत. येथेही कोणी परत आले नाही. जे आले ते वेगळ्या रूपात आले : ज्यांनी पुन्हा घर बांधले, ते भिंतीकडे आणि छपराकडे नव्या डोळ्यांनी पाहू लागले. दोष नसतानाही जबाबदारी स्वीकारणे, ही नीतीची पायरी दोषाच्या हिशेबाहून वरची आहे, असे आम्ही मानतो.

संतांच्या मेळाव्यात गोरोबांनी थापटण्याने प्रत्येकाचे डोके ठोकून कच्चे मडके ओळखले, अशी दुसरी कथा प्रसिद्ध आहे. तो अधिकार त्यांना कोठून आला, याचे उत्तर आम्हांस पहिल्या कथेत दिसते. आपले मडके कोठे कच्चे राहिले होते, हे ज्याला कळले, तोच दुसऱ्याचे ओळखू शकतो.

म्हणून कथा सांगणारांस आमची एकच विनंती. पंढरपूरला अवश्य जावे. पण त्यापूर्वी घागर खाली ठेवून चिखलाकडे धावणाऱ्या त्या आईपाशी थोडे थांबावे, आणि श्रोत्यांनाही थांबू द्यावे.